बापूसाहेब खरं काय म्हणाले होते

माझ्या पोराला एक लई वाईट खोड आहे. मेलेल्या माणसांच्या तोंडात शब्द घालतो. जिवंत माणसाच्या तोंडात घालून दाखव म्हणावं, तो माणूस तेच शब्द बाहेर काढून तुझ्या थोबाडावर मारील. मेलेला काय करणार? गप पडून राहतो बिचारा, आणि आमचा सत्यम त्याच्या नावानं खुशाल बोलत सुटतो.

सत्यम लातुरात फिजिक्सचा क्लास चालवतो. डॉक्टर व्हायला निघालेली पोरं कुठून कुठून येतात, लोह्याची, देवणीची, पार तेलंगणाच्या हद्दीवरची. वरच्या मजल्यांवर पोरींचं हॉस्टेल आहे आणि तळमजल्यावर खानावळ. खानावळ माझी. हे मी मुद्दाम सांगते, कारण क्लासच्या पत्रकावर सगळ्या सरांचे फोटो असतात आणि शेवटी बारीक अक्षरात 'घरगुती जेवणाची सोय' असं असतं. घरगुती म्हणजे कोण? मी. केवळाबाई शेषेराव. शाळा दुसरीपर्यंत. पण पोरी सुट्टीला गेल्या की आईला म्हणतात, आजीच्या हातासारखं वरण कर. ते काही फिजिक्सनं होत नाही.

तर क्लासच्या दारात एक फळा आहे. त्यावर रोज सकाळी एक सुविचार लिहायचा आणि पोरांनी आत जाता जाता तो वाचायचा, अशी तिथली रीत. गावाकडून पालक पोराला घालायला येतात तेव्हा आधी निकाल बघतात आणि मग हा फळा. फळ्यावर चांगलं वाक्य दिसलं की त्यांना वाटतं, इथं संस्कारबी होतात. इथपर्यंत माझी काही तक्रार नाही. चांगल्या माणसानं खरोखर बोललेलं वाक्य तो माणूस गेल्यावरही शिदोरीसारखं कामाला येतं, एवढं मला कळतं. पण असं वाक्य रोजच्या रोज आणायचं कुठून? मग आमचे सर मनानंच काहीतरी जुळवतात आणि खाली कुणातरी मोठ्या माणसाचं नाव ठोकून देतात.

हे मला कळलं ते दुधावरून.

माझ्या हाताखाली नीलाबाई आहे. कामाला चांगली, पण कानाला मोबाइल लागला की तिला जगाचं भान राहत नाही. एकदा सगळं दूध उतू गेलं. मी म्हटलं, "अगं, दूध उतू जायच्या आधी एकदा काठाला येऊन सांगतंय. तू मोबाइलवर बोलून राहिलीस, त्यात त्याचा काय गुन्हा?"

दोन दिवसांनी देवणीची ऋतुजा नाश्त्याला आली ती हसतच. "आजी, तुम्ही नीलामावशीला बोलला ते फळ्यावर आलंय."

मी हात पुसत बाहेर गेले. अक्षरं जुळवत जुळवत वाचलं. 'उतू जाण्यापूर्वी दूधही काठावर येऊन सूचना देते. ती ऐकतो तोच शहाणा.' आणि खाली, 'एक ग्रीक तत्त्वज्ञ.'

मी सत्यमला तिथंच गाठलं. "का रे, त्या ग्रीकाच्या घरी म्हशी किती होत्या?"

तो हसला. "आई, खाली केवळाबाई लिहिलं असतं तर कुणी थांबून वाचलं असतं का?"

"ऋतुजानं वाचलं की. ओळखलंबी."

"नाव मोठं लागतंय, आई. नाव मोठं असलं की लोक मान डोलवतात. वाक्याचं काय, वाक्य कुणाचंबी चालतंय."

मी सोडून दिलं. दुधाचंच वाक्य होतं. मी रोज अशी दहा बोलते, त्यातलं एक ग्रीसला गेलं तर जाऊ दे म्हटलं. पण त्यानं बापूसाहेबांना हात घातला, तेव्हा मात्र माझ्या डोक्याला आग लागली.

बापूसाहेब नांदेडचे. कॉलेजात शिकवायचे, पुस्तकं लिहायचे. आपल्या भागात सगळे त्यांना विचारवंत म्हणायचे. त्यांना जाऊन बरीच वर्षं झाली, तरी त्यांची वाक्यं अजून लग्नाच्या पत्रिकेवर भेटतात, कॅलेंडरवर भेटतात, सलूनच्या आरशावरसुद्धा भेटतात. सत्यमनं क्लाससाठी नवा हॉल बांधला आणि ठरवलं की हॉलला बापूसाहेबांचं नाव द्यायचं. बापूसाहेब त्र्याण्णवच्या भूकंपानंतर आमच्या गावाला आले होते, त्यामुळं नाव शोभणारंच होतं. त्यांच्या लेकीला, सौदामिनीबाईंना, त्यानं नांदेडला फोन लावला. त्यासुद्धा कॉलेजात मराठी शिकवून रिटायर झालेल्या.

बाई म्हणाल्या, "नाव द्या, माझी ना नाही. पण बाबांच्या नावावर त्यांनी कधी न बोललेली वाक्यं फार फिरतात. भिंतीवर जे लिहाल ते त्यांचंच हवं, आणि ते कानांनी ऐकलेलं माणूस मला भेटवा. नाहीतर हॉलला दुसरं नाव शोधा."

आमच्या शहाण्यानं सांगून टाकलं, "माझी आईच आहे की, मॅडम. तिच्यासमोरच बोलले ते." मला एका शब्दानं विचारलं नाही. कार्यक्रमाच्या पत्रिका छापल्या, वाटल्या, आणि मी माझी पोळ्या लाटते आहे.

कार्यक्रमाच्या आदल्या दिवशी मी हॉल बघायला गेले. शिवलिंग पेंटर शिडीवर उभा राहून समोरच्या भिंतीवर निळी अक्षरं काढत होता. माझ्या पंजाएवढं एकेक अक्षर. मी खालून जुळवत गेले.

'भूकंप भिंती पाडतो, माणसं नाही. — बापूसाहेब.'

शिवलिंग वरून म्हणाला, "काकू, कसं दिसतंय?"

"देखणं दिसतंय. पण खोटं हाय."

"अक्षर?"

"वाक्य, बाबा."

"मग ठीक हाय," तो ब्रश बुडवत म्हणाला. "वाक्य आपल्याकडं येत न्हाई, काकू. आपल्याकडं फक्त रंग."

मी तिथंच एका खुर्चीवर बसले.

भूकंपाच्या रात्री आमच्या घराच्या भिंतीखाली माझी सासू गेली आणि धाकटी नणंद सिंधु गेली. गणपती बुडवून आलेली पोर, केसात अजून गुलाल होता. मी, आमचे हे आणि सत्यम अंगणात झोपलो होतो म्हणून राहिलो. भूकंप माणसं पाडत नाही म्हणे! आमच्या गल्लीत येऊन सांग म्हणावं.

त्या दिवसांत आमच्या गावात मदतीपेक्षा भाषणं जास्त आली. जीप थांबायची, कुणीतरी उतरायचं, हिंमत धरा म्हणायचं, नव्यानं उभे राहा म्हणायचं आणि जायचं. पाणी कुणी घ्यायचं नाही. सुतक असलेल्या घरचं बाहेरचा माणूस काही घेत नाही, आणि आमचं तर अख्खं गावच सुतकात. माणसं बाटल्या घेऊन यायची आणि जीपमध्ये बसून प्यायची. त्यांना मी नाव ठेवत नाही, रीतच तशी आहे.

खायला कमी नव्हतं. गाड्या भरभरून पुरीभाजीची पाकिटं येत होती. पण घास उतरत नव्हता. ताडपत्रीखाली पाकिटांचा ढीग पडला होता आणि मी त्याच्याकडं पाठ करून बसले होते. सत्यम पाच वर्षांचा, माझ्या मांडीवर झोपलेला. आमचे हे ढिगारा उपसायला गेले होते.

तेव्हा बापूसाहेब आले. किरकोळ अंगाचा म्हातारा, खांद्याला कापडी पिशवी. सरपंचानं म्हटलं, "साहेब, दोन शब्द बोला." लोक जमले. मी उठले नाही, पण मी अगदी समोरच होते. ते उभे राहिले. बोलेनात. पावसाची भुरभुर चालू होती, ती ताडपत्रीवर ऐकू येत होती. मग म्हणाले, "मला काही सुचत नाही."

लोक एकमेकांच्या तोंडाकडं बघायला लागले. एवढा बोलणारा माणूस, आणि सुचत नाही म्हणतो! मग त्यांनी माझ्याकडं बघितलं. "तुम्ही जेवलात का?"

मी आधीच जळत होते. मी म्हटलं, "साहेब, सुतक हाय आमच्याकडं. तुमच्यासारख्यानी हितलं पाणीबी घ्यायचं नसतंय."

"ते मला माहीत आहे. तुम्ही जेवलात का, ते विचारतोय."

"घास उतरत न्हाई."

"एकटीनं उतरत नसेल," ते म्हणाले. "मी बसतो."

आणि बसले. चिखलातच. ढिगातलं एक पाकीट उघडलं, गार पुरी मोडली, अर्धी माझ्या हातात दिली आणि अर्धी स्वतः खाल्ली. माझी सासू गेल्यापासून मी रडले नव्हते. ती पुरी चावता चावता रडले. त्यांनी काही समजूत घातली नाही. दुसरी पुरी मोडली. शेवटी आमच्याच घागरीतलं पाणी प्याले, सत्यमच्या डोक्यावरून हात फिरवला आणि गेले. एवढंच. ह्याच्या पुढंमागं एक अक्षर ते बोलले नाहीत.

संध्याकाळी सत्यम खानावळीत आला तेव्हा मी पिठाचा हात घेऊनच त्याच्यासमोर उभी राहिले. "ते वाक्य बापूसाहेबांचं न्हाई."

"आई, मला चांगलं आठवतंय. मी तिथंच होतो."

"तिथंच होतास. माझ्या मांडीवर तोंड उघडं टाकून झोपला होतास."

"मग माझ्या डोक्यात आलं कुठून?"

हा खरंच विचारत होता. फळ्यावरच्या ग्रीकासारखं हे त्यानं मुद्दाम केलेलं नव्हतं, ते मला त्याच्या तोंडावरून कळलं. मी विचार केला. "तू सातवीत वक्तृत्व स्पर्धेत ढाल आणलीस. ते भाषण कुणी लिहून दिलं होतं?"

"मडिवाळप्पा गुरुजींनी," तो म्हणाला.

भाषण गुरुजींनी लिहायचं आणि पोरानं हातवाऱ्यांसकट पाठ करायचं, हे आपल्याकडं सगळ्या शाळांत चालतं. गुरुजी मूळचे उदगीरकडचे, माणूस देवासारखा, पण दर दोन ओळींमागं कुणातरी थोराला बोलवल्याशिवाय त्यांचं भाषण पुढं सरकत नसे. परीक्षकावर छाप पडते म्हणायचे. सत्यमनं ते वाक्य तेव्हा पाठ केलं. मग कॉलेजात म्हटलं, मग क्लासच्या प्रत्येक बॅचला म्हटलं. म्हणता म्हणता त्याला ते कानांनी ऐकल्यासारखं वाटायला लागलं.

"गुरुजींनी कुठंतरी वाचलं असेल," तो म्हणाला. पण आवाजात जोर नव्हता.

"कुठंतरी म्हणजे कुठं? बापूसाहेब आपल्या गावाला एकदाच आले. मी समोर होते." आणि मग मी त्याला सगळं सांगितलं. सुचत नाही म्हणाले ते, पुरीचं, पाण्याचं.

तो डोकं धरून बसला. "आई, उद्या कार्यक्रम हाय. सगळं लातूर बोलावलंय. मॅडमना मी तुझंच नाव सांगितलंय, तू फक्त मान हलवून एक हाव म्हण. नुसतं हाव. न्हाईतर हॉलचं नाव जाईल आणि माझी इज्जतबी जाईल."

"आणि तुझी आजी? सिंधुआत्या? ती माणसं नव्हती का रे?"

तो खालमानेनं पुटपुटला, "आणि खरं वाक्य लिहू तरी कसं? क्लासच्या भिंतीवर 'मला काही सुचत नाही'? नीटच्या परीक्षेला बसणारी पोरं हायेत, आई! पालक दारातूनच परत जातील."

मला आतून हसू आलं, पण मी दाखवलं नाही. "ते तू बघ. खोटी गवाही मी देणार न्हाई."

त्या दिवशी तो न जेवता गेला. लातुरात आल्यापासून पहिल्यांदा. मी ताट झाकून ठेवलं, आणि ते तसंच राहिलं.

दुसऱ्या दिवशी सौदामिनीबाई वेळेआधीच आल्या. आधी हॉलमध्ये जाऊन भिंत बघितली आणि मग सरळ माझ्या स्वयंपाकघरात आल्या. मागं सत्यम, नवं जाकीट घातलेला, कपाळाला घाम.

"तुम्ही केवळाबाई ना?" बाईंनी विचारलं. "वाक्य फार सुरेख आहे. म्हणूनच शंका येते. बाबा तुमच्यासमोर हेच म्हणाले होते?"

मी सत्यमकडं बघितलं. त्यानं नजर खाली घातली. हात जोडले नाहीत, खूण केली नाही, नुसती नजर खाली घातली. आईचं काळीज आहे, मलाही वाटलं, एका हावनं काय बिघडतंय? बापूसाहेब थोडेच वरून उतरून येणार आहेत? पण डोळ्यासमोर सिंधुच्या केसातला गुलाल आला.

"न्हाई, बाई. हे त्यांचं न्हाई."

"मग काय म्हणाले होते?"

"मला काही सुचत नाही म्हणाले. आणि मला विचारलं, तुम्ही जेवलात का." मग पुढचंही सांगितलं. सुतक असताना ते कसे बसले आणि कसे जेवले.

बाई पिठाच्या डब्यावर मटकन बसल्या. मला वाटलं रागावल्या. पण त्या हसत होत्या आणि डोळ्यांतून पाणी चाललं होतं.

"बाबा तुमच्या गावाहून परत आले, तेव्हा आईनं विचारलं, काय बोललात तिथं? बाबा म्हणाले, काही नाही, जेवून आलो. आई काय भडकली हो! एवढी माणसं गेली त्या गावात, सुतकाच्या घरी, आणि हा माणूस जेवून येतो! शेवटपर्यंत ऐकवायची ती त्यांना. पेपरवाले लेख मागायला आले, तर तोही लिहिला नाही. आम्हाला वाटायचं, बाबांना तिथलं काही लागलंच नाही." त्यांनी पदरानं डोळे पुसले. "भाजी होती का पुरीबरोबर?"

"होती, पण आंबली होती. नुसती पुरीच खाल्ली."

"त्यांना आंबट ढेकर यायचे पुरीनं. घरी कधी खायचे नाहीत." आणि पुन्हा हसल्या. "हे वाक्य खरं आहे, केवळाबाई. बाबांच्या नावावर खपवायचं म्हणून कुणी बसलं, तर त्याला असलं वाक्य सुचणारच नाही."

सत्यम कसाबसा म्हणाला, "मॅडम, मग हॉलचं नाव…"

"नाव राहू द्या. वाक्य पुसा."

शिवलिंगनं घाईघाईनं पांढरा रंग मारला. "आता काय लिहू, काकू?" मी म्हटलं, "काही नको. वाळू दे."

ह्या सगळ्यात कार्यक्रमाला उशीर झाला. जेवणं कार्यक्रमानंतर होती. हॉल गच्च भरला, पुढं पालक, मागं पोरं. आमचे हे गावाहून आले होते, ते पहिल्या रांगेत टोपी सावरत बसले. सत्यम बोलायला उभा राहिला. त्याचं भाषण त्या वाक्यावरच बांधलेलं होतं, आणि वाक्य तर मागं ओल्या पांढऱ्या रंगाखाली गेलेलं. मी दारात उभी होते, हातात पळी तशीच.

तो बोलेना. लोक चुळबुळ करायला लागले. माइकमध्ये त्याचा श्वास ऐकू येत होता.

"मला काही सुचत नाही," तो म्हणाला. ते त्यानं पाठ केलेलं नव्हतं. त्याला खरंच सुचत नव्हतं. मग त्यानं दाराकडं, माझ्याकडं बघितलं आणि पोरांना विचारलं, "तुम्ही जेवलात का?"

"न्हाई, सर!" अख्खा हॉल ओरडला.

एवढा हशा झाला की आमचे हेसुद्धा हसले, आणि ते सहसा हसत नाहीत. हशा ओसरल्यावर सत्यमनं सांगितलं की हे वाक्य बापूसाहेबांचं आहे, कुठं बोललेलं, कुणासमोर. आजीचं आणि सिंधुचं नाव घेतलं. आणि म्हणाला, "सकाळपर्यंत ह्या भिंतीवर जे होतं, ते माझ्या सातवीच्या भाषणातलं होतं. बापूसाहेबांचं नव्हतं." मी पळी घेऊन स्वयंपाकघराकडं वळले, वरण खदखदत होतं.

मग जेवणं. सौदामिनीबाई पोरींच्या पंगतीत खाली बसल्या आणि सत्यमला हाताला धरून शेजारी बसवलं. आदल्या दिवसापासून उपाशी होता तो, कसा जेवला म्हणून सांगू! बाईंनी वरण दोनदा मागून घेतलं. हे मी सांगितलंच पाहिजे.

खरं वाक्य शेवटी हॉलमध्ये नाही, खानावळीच्या दारावर लिहिलं. जागा मी ठरवली. शिवलिंगनं लिहिलं आणि ह्या वेळी स्वतःच विचारलं, "काकू, हे खरं हाय ना?" आता टेस्टच्या सकाळी पोरी जिन्यात एकमेकींना तेच म्हणतात. "मला काही सुचत न्हाई, तू जेवलीस का?" ऋतुजा टेस्ट असली की पाणीसुद्धा घ्यायची नाही. आता दोन पोहे तरी खाते. परवा लोह्याचे एक गृहस्थ पोरीला घालायला आले होते. ते पळून गेले नाहीत. दारात उभं राहून त्यांनी ते पुन्हा पुन्हा वाचलं आणि मला हळूच विचारलं, "बापूसाहेब खरंच असं म्हणाले होते?"

"हाव," मी म्हटलं. "माझ्यासमोर."

सत्यमचा फळा मात्र कार्यक्रमानंतर चार दिवस कोरा होता. पाचव्या दिवशी सकाळी मी भाजी घ्यायला निघाले, तर हा खडू हातात धरून फळ्यासमोर उभा.

"आई," तो म्हणाला, "त्या दिवसापासून तू काहीच बोलली न्हाईस. भीती वाटून राहिली मला. काय ते बोलून टाक."

मी पिशवी खाली ठेवली.

"ऐक तर मग. आदल्या दिवशी तू मला खोटं हाव म्हणायला लावत होतास, ते मी विसरणार न्हाई. पण स्टेजवर सगळ्यांसमोर कबूल केलंस, तेबी विसरणार न्हाई. इतके दिवस मला क्लासचे सर दिसत होते, त्या दिवशी माझं पोरगं दिसलं. आता फळ्याचं सांगते. खरं सापडलं तर लिहायचं, न्हाई सापडलं तर फळा कोरा ठेवायचा, पोरं काही नापास होत न्हाईत त्यानं. आणि आज कोरा ठेवायचं काही कारण न्हाई. ते दुधाचं लिही, मी बोलले होते तसंच, नीलाबाईच्या मोबाइलसकट. आणि खाली त्या ग्रीकाला आणू नकोस. माझं नाव घाल. केवळाबाई शेषेराव, खानावळ, तळमजला."